पाचवं पाकीट

पार्सलमध्ये पाच पाकिटं होती. पहिल्यात मयत महिलेच्या उजव्या हाताची नखं, दुसऱ्यात डाव्या हाताची. तिसऱ्यात तिच्या रक्तात भिजवून वाळवलेला गॉजचा तुकडा. चौथ्यात जांभळ्या बुचाची नळी, तिच्यावर नाव: झुंबर काळे, आरोपी, वय सत्तावीस. पाचव्यातही तशीच नळी होती, पण नावापुढे ‘आरोपी’ नव्हतं, ‘पोलीस निरीक्षक’ होतं. प्रत्येक पाकिटावर लाखेच्या तीन मोहोरा. एकही फुटलेली नव्हती.

“हे पाचवं कशाला?” मी विचारलं.

पार्सल घेऊन आलेले हवालदार भिसे खुर्चीच्या टोकावर बसले होते. “साहेबांचं रक्त आहे, मॅडम.”

“ते वाचलं मी. पण कशाला?”

“तुम्हीच सांगितलं होतं म्हणे, ट्रेनिंगला. ज्यानं ज्यानं बॉडीला हात लावला त्यानं आपलं रक्त द्यायचं. आमचे कोंढाळकर साहेब म्हणजे तसलेच. दवाखान्यात बाही वर करून बसले. आरोपी बापडा गप बसला होता, डॉक्टरच घाबरला. म्हणतो, साहेब, तुम्हाला टोचायचं आणि चुकलं तर?”

ट्रेनिंगला चाळीस अधिकारी होते. घटनास्थळी गेलेल्या माणसाचा डीएनए पुराव्यात मिसळू शकतो, म्हणून त्याचा नमुना वेगळा पाठवा म्हणजे आम्हाला तो वजा करता येईल, असं मी तेव्हा सांगितलं होतं. बहुतेक जण चहाची वाट बघत होते. त्यानंतर असा नमुना पाठवणारे हे पहिलेच. मला बरं वाटलं. एम.एस्सी. होऊन मी विभागीय न्यायवैद्यक प्रयोगशाळेत लागले त्याला तेव्हा जेमतेम दीड वर्ष झालं होतं.

प्रकरण निमखेड ठाण्याचं होतं. सोनाबाई गव्हाणे, वय सत्तर, शेतातल्या घरात एकटी राहायची. कुणीतरी डोक्यात मारून हातातल्या सोन्याच्या पाटल्या काढून नेल्या. दोन शेतं सोडून डाळिंबाच्या बागेत झुंबर काळे राखणीला होता. बांधाला त्याचं पाल, पालात त्याची आई. पाटल्या त्याच्याकडे सापडल्या नव्हत्या. त्याला कुणी पाहिलंही नव्हतं. पण तो पारधी होता आणि जवळ होता.

“त्यानंच केलंय, मॅडम,” भिसे उठता उठता म्हणाले. “फक्त तुमचा कागद आला की झालं.”

नखांत बाईचाच डीएनए इतका होता की त्याखाली दुसऱ्याचा काही असला तरी दिसेना. अशा वेळी आम्ही वाय गुणसूत्र तपासतो. ते बाईकडे नसतंच, त्यामुळे जे दिसेल ते पुरुषाचं. तेवीस जागा मोजायच्या, तेवीस आकडे मिळतात. उजव्या हाताच्या नखांत काहीच मिळालं नाही. डाव्या हाताच्या नखांत तेवीसही आकडे स्वच्छ मिळाले.

मी ते झुंबर काळेच्या रक्ताशी ताडून पाहिले. तेवीसपैकी तेवीस.

मग सवयीने निरीक्षकांच्या रक्ताशी ताडले. तेवीसपैकी तेवीस.

मी नळ्यांवरची नावं पुन्हा वाचली आणि सगळं पहिल्यापासून पुन्हा केलं. आकडे तेच आले. मग मी आमच्या प्रमुख डॉ. माणकेश्वर मॅडमकडे गेले. त्या डबा उघडून बसल्या होत्या.

“एकाच माणसाचं रक्त दोन नळ्यांत भरलंय,” त्यांनी पोळीचा घास मोडत सांगितलं. “ऋजुता, ही अशी पहिली वेळ नाही. परत पाठव.”

“तेही तपासलं, मॅडम. बाकीच्या गुणसूत्रांच्या एकवीस जागा बघितल्या. माणसं दोन आहेत. सहा ठिकाणी अगदी सारखी, अकरा ठिकाणी अर्धी, चार ठिकाणी काहीच जुळत नाही.”

त्यांचा घास हातातच राहिला. “म्हणजे भाऊ.”

“सख्खे.”

“पारधी पोरगा आणि पोलीस निरीक्षक.” त्या हसल्या. “हे हिंदी सिनेमात होतं, बाई. आपल्याकडे काय होतं ते सांगू? पोलिसांनी दोघे भाऊ उचलले असणार. साहेबाला सुई टोचून घ्यायची नव्हती. दुसऱ्या भावाचं रक्त आपल्या नावानं पाठवून दिलं. तुझं ट्रेनिंग पण पाळलं आणि बाही पण खाली राहिली.”

मला हे पटलं. वाय गुणसूत्र बापाकडून मुलाकडे जसंच्या तसं येतं, सख्ख्या भावांचं एकच असतं. म्हणजे खून या दोघांपैकी एका भावाने केलेला, आणि निरीक्षक खोटारडा. दोन्ही गोष्टी आकड्यांत बसत होत्या. भिसे जे रंगवून सांगत होते, बाही, डॉक्टर, त्याचा अर्थही आता निराळा लागला. इतकं कुणी विचारलं नव्हतं.

मी ठाण्यात फोन लावला.

“कोंढाळकर बोलतोय.”

“सर, झुंबर काळेचा भाऊ तुमच्या ताब्यात आहे का?”

“त्याला भाऊ नाही. आई आहे फक्त. का?”

“नक्की नाही?”

“मॅडम, त्याच्या सात पिढ्यांची माहिती आहे ठाण्यात. त्या लोकांची असते.”

“मग तुमचा नमुना पुन्हा लागेल. इथे येऊन द्यावा लागेल, माझ्यासमोर.”

“तुमच्यासमोर,” ते म्हणाले. “बरं.”

ते आले. दौलत कोंढाळकर, अडतिशीचे, सावळे, उंच. खुर्चीत ताठ बसले. मी नवीन सुई काढली, दोन साक्षीदार उभे केले, कोंढाळकरांचं ओळखपत्र मागितलं.

“ओळखपत्र पण?”

“नियम आहे.”

“नियम मला माहीत आहेत. संशय पण ओळखता येतो. धंदाच आहे आमचा.” त्यांनी ओळखपत्र टेबलावर ठेवलं. “तुम्हाला वाटतंय मी दुसऱ्याचं रक्त पाठवलं.”

मी त्यांचं बोट पुसून टोचलं.

“सोनाबाईंना तुम्ही हात कुठे लावला होता?”

“डावा हात धरला होता. मी पोचलो तेव्हा जीव होता तिच्यात. पाणी मागत होती, आणि डोक्याला मार असताना पाणी द्यायचं नसतं. मग हात धरून बसलो गाडी येईपर्यंत. फार घट्ट धरला होता तिनं. नखं रुतली होती.” त्यांनी उजवं मनगट उलटं करून दाखवलं. तिथे आता काही नव्हतं. “वाटेत गेली.”

मी आकडे काढेपर्यंत ते निमखेडला परत गेले नाहीत. शहरातच कुठेतरी थांबले. दुसऱ्या दिवशी दुपारी मी त्यांना आणि माणकेश्वर मॅडमना एका टेबलाशी बसवलं आणि कागद पुढे सरकवला.

“कालचा नमुना आणि पाचवं पाकीट एकाच माणसाचं आहे. तुमचंच. मी चुकले होते.”

“मग झालं की.”

“नाही झालं, सर. तुमचं वाय गुणसूत्र आणि झुंबर काळेचं एक आहे. तेवीसपैकी तेवीस. बाकीच्या जागाही सख्ख्या भावांच्या असतात तशा आहेत.”

त्यांनी कागद वाचला. एकेका ओळीवर बोट ठेवून, शाळेतल्या मुलासारखा.

“तुमचं मशीन बिघडलंय.”

“चार वेळा केलं.”

“मग चार वेळा बिघडलं!” ते एकदम उभे राहिले. “माझे वडील रामभाऊ कोंढाळकर. एकतीस वर्षं पोलिसात हवालदार. आई वाघोलीची देशमुखीण. आणि तुम्ही मला सांगताय की मी...” पुढचा शब्द त्यांनी उच्चारला नाही. ठाण्यात तो रोज उच्चारत असतील.

“बसा, कोंढाळकर,” माणकेश्वर मॅडम शांतपणे म्हणाल्या. “तुमच्या घरात आम्हाला शिरायचं नाही. पण नखांत जे सापडलं ते तुमचं असू शकतं किंवा त्याचं. ही तपासणी त्यातून निवड करू शकत नाही. तुमचा नमुना नसता, तर ते एकट्या झुंबरचं ठरलं असतं. आणि फाशीपर्यंत गेलं असतं.”

“माझा नमुना नसता तर,” ते म्हणाले.

“हो.”

टोपी उचलून ते निघून गेले. कागद तिथेच राहिला.

“आता बघ,” मॅडम मला म्हणाल्या. “हा म्हणणार, मी हात धरलाच नव्हता. पंचनाम्यात तसं लिहिलेलं नाही, मी पाहिलंय. पाकीट मागे घेईल. उरतं कोण?”

“पण नमुना त्यांनीच पाठवला होता.”

“तेव्हा त्याला माहीत नव्हतं.”

पुढच्या आठवड्यात त्यांचा फोन आला. आवाज खाली होता, कुणी ऐकू नये असा.

“मॅडम, रिपोर्ट गेला का?”

“नाही. मॅडमच्या सहीला आहे.”

“जाऊ देऊ नका अजून. आणि ते पाचवं पाकीट... ते परत मिळतं का?”

“लेखी मागणी लागेल, सर. कारणासह.”

“लेखी पाठवतो,” म्हणून त्यांनी फोन ठेवला.

मी उठून कपाट उघडलं, पाचव्या पाकिटातली नळी आहे ना ते पाहिलं आणि कपाटाला कुलूप लावलं. किल्ली पर्समध्ये टाकली. आमच्याकडे किल्ली पर्समध्ये ठेवायची पद्धत नव्हती. त्या दिवसांत मला प्रत्येक माणसाचा संशय येत होता. निमखेडहून एक पोलीस दुसऱ्याच प्रकरणाचं पार्सल घेऊन आला तेव्हाही मी त्याला आत येऊ दिलं नाही. दारातच सही घेतली.

लेखी आलं ते कोर्टामार्फत, आणि त्यात पाकीट परत मागितलेलं नव्हतं. माणकेश्वर मॅडमनी ते वाचलं, चष्मा काढला, पुसला, परत वाचलं आणि माझ्याकडे दिलं.

तपास दुसऱ्या अधिकाऱ्याकडे गेला होता. कोंढाळकरांनी स्वतःच लिहून दिलं होतं की मयतेचा डावा हात आपण धरला होता, पंचनाम्यात ते नोंदवायचं राहिलं ही आपली चूक, आणि आरोपी हा आपला रक्ताचा नातेवाईक असण्याची शक्यता प्रयोगशाळेने दाखवली असल्याने आपण या तपासात राहू नये. सरकारी वकिलांनी हरकत घेतली होती: अनोळखी माणसांत असं जुळणं म्हणजे प्रयोगशाळेचाच घोळ, नमुने बाद करून नवे मागवा. त्यावर कोर्टाने आदेश दिला होता. आरोपीच्या आईचा नमुना घ्या. ती दोघांचीही आई ठरली तर घोळ नाही, मग नखांतला पुरावा झुंबरच्या विरुद्ध धरता येणार नाही. आणि त्याच्याविरुद्ध दुसरं काहीच नव्हतं.

“मी या कोंढाळकरला ओळखलं नाही,” मॅडम म्हणाल्या.

कोंढाळकर आले तेव्हा साध्या कपड्यांत होते. नवे तपास अधिकारी कागदपत्रं देऊन बाहेर फोनवर बोलत उभे राहिले. बाकावर एक म्हातारी बसली होती, पदर घट्ट आवळून. कोंढाळकर व्हरांड्याच्या दुसऱ्या टोकाला. मी त्यांच्याजवळ गेले.

“यांना सांगितलंय?”

“नाही. निकाल उलटा आला तर? दुसऱ्यांदा हिसकावल्यासारखं होईल.”

“दुसऱ्यांदा?”

ते भिंतीकडे बघत बोलले. “अण्णांना विचारलं, वडिलांना. जेवत होते. हात ताटातच राहिला त्यांचा. म्हणाले, सदतीस-अडतीस वर्षांपूर्वी दरोड्याच्या तपासाला पालांवर धाड घातली होती. लोक पळाले. एका पालात झोळी होती, झोळीत मूल. तसंच सोडलं असतं तर कुत्र्यांनी खाल्लं असतं म्हणाले. त्यांना मूलबाळ नव्हतं. आईला माहेरी पाठवलं आणि मला तिकडून आणलं, बाळंत होऊन आल्यासारखं.”

“कुणी मागायला आलं नाही?”

“मी पण हेच विचारलं. एक बाई पोलीस लाइनीसमोर येऊन बसायची. काही मागायची नाही, नुसती बसायची. मूल हरवलं म्हणून पारधीण चौकीत कशी जाणार? तिलाच आत टाकलं असतं. अण्णांनी बदली मागून घेतली.”

मी म्हातारीला आत घेतलं. तिचं नाव सुगंधाबाई. सुई पाहताच तिने दोन्ही हात पदराखाली नेले.

“माजं रगत कशाला? त्याच्यावर आजून काय घालायचं ऱ्हायलंय?”

“काही घालायचं नाही, मावशी. उलट त्याला उपयोग होईल.”

“आसंच म्हनत्यात समदे. आधी त्याचं रगत घेतलं, म्हनले, तुझ्याच उपेगाचं हाय. मग जेलात घातला.” तिची नजर दारात उभ्या असलेल्या कोंढाळकरांकडे गेली. “ह्यांनीच धरला. सायेब, तुमीच न्हवं? कापडं बदलली म्हून काय वळकू येत न्हाई व्हय?”

“मीच धरला, मावशी.”

“मग आता कशापायी आलाय?”

“तो सुटावा म्हणून.”

ती हसली. पुढचे दोन दात नव्हते. “आयकलं का बाई? धरनारा बी ह्योच, सोडनारा बी ह्योच.” मग हसू गेलं. “माजं येक पोर पोलिसांनी आदीच न्हेलंय, सायेब. झोळीतनं. हे दुसरं हाय. मला तिसरं न्हाई.”

कोंढाळकर एक पाऊल आत आले. त्यांनी टेबलाची कड धरली.

“त्याचं नाव काय होतं?”

“कुनाचं?”

“पहिल्याचं.”

“नाव ठिवायचं व्हतं. देवीला जानार व्हतो आमी. त्या साली गेलोच न्हाई.” तिने त्यांच्याकडे जरा निरखून पाहिलं, पण ते पोलिसाकडे पाहावं तसंच, पुढे काय करेल याचा अंदाज घेत. “तुमाला काय करायचंय त्याचं?”

“काही नाही. विचारलं.”

“लिवून घेऊ नका मातर.”

“नाही लिहीत.”

मी माझा स्वतःचा हात पुढे केला आणि तिच्यादेखत माझं बोट टोचून घेतलं. नियमात हे कुठे नाही. रक्ताचा थेंब तिला दाखवला, पुसला, हातमोजे बदलले, नवी सुई काढली. तिने बराच वेळ विचार केला आणि मग एक हात पदराबाहेर काढला. बोटं कडक होती, टोचताना जोर लावावा लागला. ती कळवळली.

कोंढाळकर झटकन पुढे झाले आणि तिचा हात धरायला गेले.

“हात लावू नका, साहेब!”

माझा आवाज चढला. ते जागच्या जागी थांबले. हात तसाच हवेत, तिच्या हातापासून वीतभर अंतरावर.

“नमुना घेताना नाही,” मी हळू म्हणाले.

“हो,” ते म्हणाले. “ट्रेनिंगला सांगितलं होतं तुम्ही.”

त्यांनी हात मागे घेतला आणि पाठीमागे दुसऱ्या हातात धरून उभे राहिले. मी कागदी पट्टीवर थेंब घेतला. तो वाळू दिला. पट्टी पाकिटात, पाकिटावर लाख, लाखेवर मोहोर, साक्षीदारांच्या सह्या. सुगंधाबाईचा अंगठा. पाकीट मी कपाटात ठेवलं आणि कुलूप लावलं.

“झालं?” सुगंधाबाईने विचारलं. बोटावर अजून रक्त येत होतं.

“झालं, मावशी.” मी कापसाचा बोळा काढला, आणि तो तिला न देता कोंढाळकरांकडे दिला. “आता चालेल.”

ते तिच्यासमोर खाली उकिडवे बसले आणि तिचं बोट कापसाने दाबून धरलं. ती आखडली. हात सोडवून घेऊ की नको, असं तिच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होतं.

“सायेब, दुखतंय. जरा सैल धरा की.”

त्यांनी सैल धरला. रक्त थांबल्यावरही काही वेळ तसाच.

मी मोजणीला लागले. त्या आठवड्यात दुसरं कुठलंही काम हाती घेतलं नाही. अहवाल माझ्या आणि डॉ. माणकेश्वरांच्या सहीने कोर्टात गेला. त्याची प्रत माझ्याकडे नाही, पण शेवटचा परिच्छेद मला पाठ आहे.

“मयतेच्या डाव्या हाताच्या नखांतील पुरुष डीएनए निरीक्षक दौलत रामभाऊ कोंढाळकर यांचा असू शकतो. तो आरोपीचाच आहे असे म्हणता येत नाही. सुगंधा काळे यांच्या मातृत्वाची संभाव्यता: झुंबर काळे, ९९.९९९८ टक्के. दौलत रामभाऊ कोंढाळकर, ९९.९९९६ टक्के.”